गिअरबॉक्स सापडल्यावर

मंगळवारी सकाळी मी जुहूच्या हँगरमध्ये शिडीवर उभा राहून काम करत होतो. निलेश येऊन शिडीखाली थांबला. आम्ही दोघं हेलिकॉप्टर दुरुस्तीच्या कामाला बरोबरच लागलेले. एरवी तो खालूनच शिव्या घालून बोलावतो. त्या दिवशी मी उतरेपर्यंत शिडी धरून उभा होता.

"श्याम, वहिनी प्लॅटफॉर्मवर कधी गेल्या?"

"आज. पहिल्या फेरीला."

त्याने मान वळवून बाहेर बघितलं. शेजारच्या कंपनीच्या हँगरसमोर माणसं जमली होती. त्यातलं कोणी माझ्याकडे बघत नव्हतं. तेव्हा मला कळलं.

माझी बायको वसुधा समुद्रातल्या तेलाच्या प्लॅटफॉर्मवर केमिस्ट होती. दोन आठवडे तिकडे, दोन आठवडे बोरिवलीला घरी. त्या शेजारच्या कंपनीचं हेलिकॉप्टर त्यांना नेत असे. त्या दिवशी ते समुद्रात पडलं. आतल्या नऊ जणांपैकी पाच जणांचे देह मिळाले. वसुधा त्यांत नव्हती. काही दिवसांनी शोध थांबला.

मग हेलिकॉप्टर बनवणाऱ्या परदेशी कंपनीने हुकूम काढला. पडलेल्या हेलिकॉप्टरचा गिअरबॉक्स, म्हणजे वरचा पंखा फिरवणारी पेटी, तपासल्याशिवाय जगात कुठेही हे मॉडेल उडवायचं नाही. आमच्या हँगरमधली मशीनंही तीच, ती जागेवर उभी राहिली. नॉर्वेत, ब्राझीलमध्ये तेलाची माणसं बोटीने जाऊ लागली. दुसरी मशीनं भाड्याने आणावीत तर ती कुठेच शिल्लक नव्हती. मधे तेलाचा भाव पडला तेव्हा मोठी हेलिकॉप्टरं कोणी घेईना, कारखान्यांनी माणसं कमी केली. आता सगळ्यांना हवीत, तर साध्या पार्टला दीड वर्ष थांबा म्हणतात.

म्हणून त्या बनवणाऱ्या कंपनीने गिअरबॉक्स शोधायला सिंगापूरहून जहाज आणलं. समुद्राच्या तळाशी कॅमेरा सोडून शोधणारं. मला बरं वाटलं. निलेश म्हणाला, "आता वहिनीपण सापडतील बघ. त्या कॅमेऱ्याला नटबोल्टसुद्धा दिसतो."

मी घरी दीप्तीला तेच सांगितलं. दीप्ती आमची मुलगी. ती म्हणाली, "नक्की ना, बाबा?" मी हो म्हणालो.

जहाज रोज शोधत होतं. आम्ही हँगरमध्ये फरशी पुसत होतो, नट आवळायचे पाने लावून ठेवत होतो. पोरं एकमेकांना विचारायची, पगार होईल ना रे या महिन्यात. माझ्यासमोर विचारायची नाहीत.

एका दुपारी निलेश ऑफिसातून धावत आला. "मिळाला रे, गिअरबॉक्स मिळाला."

सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. मीही वाजवल्या. मग मी विचारलं, "आणि माणसं?"

निलेशचा चेहरा उतरला. "माणसांचं ते जहाजवाले काय बोलले नाहीत."

मी देवव्रत सरांच्या केबिनमध्ये गेलो. ते आमचे मॅनेजर.

"सर, जहाज अजून तिथेच आहे ना?"

"निघालं, श्यामकांत."

"आता जागा कळली आहे. दोन दिवस आजूबाजूला बघितलं तर—"

"मी विचारलं. तू यायच्या आधीच विचारलं. जहाज गिअरबॉक्ससाठी आणलेलं. त्याला आता दुसरीकडे काम आहे."

"परत कधी येईल?"

"कशाला येईल?" असं म्हणून ते खाली बघू लागले. माणूस वाईट नाही. त्यांच्या हातात काहीच नव्हतं.

रविवारी वसुधाचा भाऊ नंदकिशोर घाटकोपरहून आला. गुरुजींशी बोलून आला होता. देह मिळाला नाही तर पळसाच्या पानांचा पुतळा करतात, त्याला अग्नी देतात आणि मग पुढचे दिवस करतात. पालाशविधी म्हणतात त्याला.

"भावोजी, किती दिवस असं ठेवायचं? समुद्राला परत द्यायचं असतं तर दिलं असतं."

"समुद्राकडे तिला मागितलं कोणी? गिअरबॉक्स मागितला, तो दिला त्याने."

"असं बोलू नका."

"मग कसं बोलू, नंदू? तिला शोधलंच नाही आणि पानं जाळू?"

दीप्ती आतून आली. "बाबा, मामा म्हणतो ते करू या ना. दाराची बेल वाजली की मला अजून आईच वाटते."

मी तिला म्हणालो, थोडं थांबू. नंदकिशोर चहा न पिता गेला.

पुढे रिपोर्ट आला. गिअरबॉक्समधल्या एका बेअरिंगला तडा गेला होता. सगळ्या मशीनांची बेअरिंगं बदलायला हवीत, पण नवी बेअरिंगं तयार नाहीत. तोवर जुन्यांवरच उडवा, फक्त तेल रोज तपासा, असं ठरलं. जगभर मशीनं परत उडू लागली. आमचीही. बेअरिंग झिजलं की गिअरबॉक्सच्या तेलात धातूचा कण उतरतो; तो दिसतो का, हे आमच्या हँगरमध्ये मी आणि निलेश बघतो. नसला की मशीन उडतं. बेअरिंग आतून कसं आहे ते मला बाहेरून कळत नाही. तरी मी ठीक आहे म्हणतो, आणि माणसं चढतात.

जहाजाबद्दल मी आणखी दोन ठिकाणी विचारलं. एका ठिकाणी तर फोन घेणाऱ्या मुलीला कुठलं हेलिकॉप्टर तेच माहीत नव्हतं.

दीप्ती आता विधीचं विचारत नाही. नंदकिशोरही येत नाही. गिअरबॉक्स मिळाला त्याच्या पलीकडचा तळ कोणी पाहिलेला नाही, आणि वसुधाचं कार्य अजून झालेलं नाही.