आंब्याच्या शेंड्याला बांधलेली नाव

मी एक नाव आहे. पण मला स्वतःला नाव कुणी ठेवलं नाही. खैरपाड्याची माणसं मला आधी 'धाकलूची' म्हणायची. धाकलू गेल्यावर त्याच्या बायकोच्या नावानं 'गोजरची' म्हणू लागली. मला दोन्ही चालायचं. आता मी अंगणात उपडी पडले आहे, पाठीवर गवताचे भारे वाळत घातलेत. सांगायला आज निवांत वेळ आहे, म्हणून सांगते.

शहापूरच्या पूर्वेला डोंगरांच्या पोटात धरणाचं पाणी पसरलं आहे. ते भरलं तेव्हा खैरपाडा टेकडीवर सरकला आणि खालची भातखाचरं बुडाली. सडक, जीप, दवाखाना सगळं पलीकडे राहिलं, माणसं अलीकडे. खाचरंच नाहीत तर बैल कशाला ठेवायचे, म्हणून धाकलूनं म्हसा गावच्या जत्रेत आपली बैलजोडी विकली. परत येताना मुरबाडकडचा सावळाराम सुतार सोबत घेऊन आला. ते साल एक्याण्णव.

सावळारामनं मला गोजरच्या अंगणातच घडवलं. ऐनाच्या फळ्या, सागाच्या फासळ्या. फटींत कापूस आणि राळ ठासली, वरून डांबर चोपडलं. पुढच्या टोकाला, म्हणजे नाळेला, त्यानं लोखंडी पट्टी मारली आणि धाकलूला बजावलं, "दहा माणसं आनि एक वल्हं मारनारा. अकराव्यानंतर कोनी चढलं तर माझं नाव घ्यायचं नाय."

धाकलूनं ते पाळलं. सहा-सात वर्षं आम्ही दोघांनी माणसं नेली आणली. बाळंतिणी, शाळामास्तर, नवरानवरी, भाताची पोती, एकदा तर आजारी म्हैस. माणसं नावेत बसली की आपोआप हळू बोलतात, हे मी तेव्हाच पाहिलं. काठावर भांडत आलेली दोघं मध्यावर आली की गप्प होतात. पाण्याचा धाक असतो तो.

अठ्ठ्याण्णवच्या श्रावणात धाकलूला गवत कापताना फुरसं चावलं. गावात त्या वेळी पुरुषमाणूस कुणी नव्हतं. गोजरनं त्याला उचलून माझ्यात निजवलं आणि वल्हं हातात घेतलं. तोवर तिनं ते कधी धरलं नव्हतं. पाऊस तोंडावर येत होता. मी गोल फिरत होते, ती मला सरळ करत होती आणि धाकलूशी बोलत होती, "डोळं मिटू नको. माझ्याकडं बघ." आम्ही पोचलो. जीपही मिळाली. पण शहापूरहून गोजर एकटीच परत आली.

तेराव्यानंतर ती काठावर आली आणि माझा दोर सोडला. बाईमाणसानं नाव चालवावी का, यावर गावात बरंच बोलणं झालं. ती कुणाला उत्तर द्यायला थांबली नाही. माणसं पलीकडे जायची होती, ती तिनं नेली. हळूहळू बोलणं बंद पडलं.

आता त्या रविवारचं सांगते. दोन हजार तीन सालचा ऑक्टोबर.

आमच्या टेकडीखाली पाण्याचा एक वळसा आहे. तलाव भरलेला असला की तिथे काठाला पाय ठेवायलाही सपाट जागा उरत नाही. म्हणून पावसाळा संपला की दर रविवारी आसपासच्या पाड्यांतल्या बायका नावेतूनच माल आणत आणि नावेतूनच विकत. काकड्या, दुधी, डांगर, सुकी मासळी, बांगड्या. पाच-सहा नावा एकमेकींना खेटून उभ्या राहायच्या, बस. त्याला कुणी बाजारसुद्धा म्हणत नव्हतं. "वळशावर जाऊन येते," एवढंच म्हणायच्या.

धाकलूचा पुतण्या अनिल मात्र त्याला 'तरंगता बाजार' म्हणाला. चार वर्षांचा असताना तो आईबापांबरोबर डोंबिवलीला गेला होता. आता सहली काढणाऱ्या कुठल्याशा कंपनीत होता. त्यानं कागद छापले होते: नदीकाठचं जीवन, तरंगता बाजार, एका दिवसात जाऊन परत. त्या कागदावरच्या चित्रात पन्नासएक नावा होत्या. आमच्या पाण्यात एवढ्या नावा मी जन्मात पाहिल्या नाहीत.

त्या सकाळी तो चौदा माणसं घेऊन सडकेच्या काठावर आला. डोक्याला टोपी, हातात बोलायचा भोंगा. गावातल्या दुसऱ्या नावाड्याची, नामाची, नावही येणार होती, पण नामा तापानं फणफणला होता.

"काकी, एकाच खेपेत जाऊ गं सगळे," अनिल म्हणाला.

"दोन खेपा," गोजर म्हणाली.

"टाइम जातो."

"जाऊ दे."

ती दोन खेपांतच सगळ्यांना घेऊन आली. पाणी तेव्हा आरशासारखं होतं. माणसं खूश होती. एका म्हाताऱ्या बाईनं, त्यांना सगळे कुलकर्णीबाई म्हणत, गोजरला विचारलं, "खाली काय आहे हो?"

गोजरनं वल्हं न थांबवता सांगितलं, "हितं आमचं खळं होतं. तितं देवळाची पायरी. आनि त्यो सुका शेंडा दिसतोय ना वर, त्यो आमच्या अंगणातला आंबा. पानी यायच्या आधी सगळी झाडं तोडली, ह्यांनी तेवढा तोडू दिला नाय."

सगळ्यांनी शेंड्याकडे पाहिलं. दोन सुक्या फांद्या पाण्यावर हातभर आलेल्या.

वळशावर पाच नावा होत्या. अनिल भोंग्यातून सांगत होता की बाकीच्या नुकत्याच गेल्या. बाईजा, गोजरची मैत्रीण, आपल्या नावेत काकड्यांच्या ढिगावर बसून हे ऐकत होती. "कुठं गेल्या रं बाकीच्या?" तिनं शांतपणे विचारलं. अनिलनं भोंगा खाली केला. पाहुणे हसले, पण रागावलं कुणी नाही. त्यांनी काकड्या खाल्ल्या, बांगड्या भरल्या, गोजरच्या घरी भाकरी खाल्ली.

तीनच्या सुमारास डोंगराच्या मागून काळं वर आलं. भात कापायच्या दिवसांत जाता जाता पाऊस असाच मागे वळून येतो, आणि त्याच्या आधी वारा येतो. माझ्या अंगाखालचं पाणी बारीक थरथरू लागलं. वळशावरच्या बायकांनी पटापट दोर सोडले आणि काठाकाठानं आपापल्या पाड्यांकडे निघाल्या.

अनिल सगळ्यांना घेऊन धावतच खाली आला. "काकी, चल लवकर. वारा यायच्या आत पलीकडं जाऊ. सगळे एकदमच."

गोजरनं डोंगराकडे पाहिलं. "कोनी जायचं नाय. वारा पडला की सोडते."

"यांना आसनगावहून लोकल पकडायचीय. बस उभी आहे पलीकडं."

"उभी ऱ्हाऊ दे. लोकं घरात बसतील. च्या करते."

"काकी, माझी नोकरी जाईल."

गोजरनं दोन्ही वल्ही माझ्यातून काढली आणि काठावर ठेवली. एवढ्यात ढग गडगडला. पाहुणे घाबरले, आणि घाबरलेल्या माणसाला घर जवळ वाटतं. दोघे चढले. त्यांच्यामागे चौघे. मग सगळेच. कुलकर्णीबाई मागे रेंगाळल्या. त्यांनाही कुणीतरी हात देऊन ओढून घेतलं. मी बोटबोट खाली जात होते. सावळारामचे शब्द मला आठवत होते, पण माझा आवाज कुणाला ऐकू येणार?

अनिलनं काठावरची वल्ही उचलली. "मी चालवतो," तो म्हणाला. त्यानं मला काठापासून ढकललं आणि आत उडी मारली.

गोजर तिथेच उभी होती. काठावर राहिली असती तर तिला कुणी दोष दिला नसता. पण ती पाण्यात उतरली, कमरेपर्यंत आली, छातीपर्यंत आली आणि माझ्या कडेला धरून वर चढली. सोळावं माणूस. तिनं अनिलच्या हातून वल्ही घेतली. शिवी दिली नाही. एवढंच म्हणाली, "सगळी खाली तळाला बसा. आता कोनी हलायचं नाय."

मध्यावर पोचलो आणि वारा आला.

तो समोरून आला नाही, कुशीवर आला. पहिली लाट माझ्या कडेवरून आत पडली. दुसरीही. बायका पिशव्यांनी, पुरुष टोप्यांनी पाणी उपसू लागले. सडकेचा काठ पावसात दिसेनासा झाला. गोजर मला वाऱ्याकडे तोंड करून धरायला बघत होती, पण एवढं ओझं घेऊन मी वळत नव्हते. मला माझीच लाज वाटत होती. तिसऱ्या लाटेला मी एवढी कलंडले की एका माणसाचा हात कोपरापर्यंत पाण्यात गेला. आणखी एक तशी लाट आली असती तर मी उलटले असते. सोळांपैकी पोहता येणारी तिघं होती, आणि अनिल त्यांत नव्हता.

तेव्हा गोजरनं मला वाऱ्यावर सोडलं. आधी मला कळेना, ही काय करतेय. वारा मला ढकलत होता आणि ती वल्ह्यानं फक्त दिशा देत होती. मग मला पावसातून त्या दोन सुक्या फांद्या दिसल्या.

ती मला मुद्दाम आंब्यावर नेत होती.

त्या झाडाला बारा वर्षं आम्ही लांबून वळसा घालत आलो होतो. पाण्याखाली त्याच्या फांद्या कशा पसरल्यात, कुठे बेचकं आहे, हे तिच्याशिवाय कुणाला माहीत नव्हतं. त्याच बेचक्यापर्यंत चढून ती एके काळी कैऱ्या काढायची. तिनं माझी नाळ बरोबर त्या बेचक्यात घातली. कडकड आवाज झाला. माझ्या डाव्या कुशीच्या दोन फळ्या फुटल्या, एक फासळी मोडली. पाणी आत आलं. पण मी अडकले. लाट आली तरी आता उलटत नव्हते. गोजरनं दोर शेंड्याला तीन वेढे मारून बांधला.

"फुटली," अनिल म्हणाला.

"फुटू दे. उलटली नाय. तू पानी काढ."

मग ती उभी राहिली आणि तोंडाशी हात धरून तिनं हाळी घातली. "बाईजा गोऽऽ." पावसात हाक कुठवर जाणार? तिनं पुन्हा घातली. अनिलला एकदम भोंगा आठवला. त्यानं तो तिच्या हातात दिला. त्या भोंग्याचा त्या दिवसात तेवढाच एक उपयोग झाला.

काठाकाठानं चाललेल्या नावांपैकी तीन वळल्या. सुरक्षित काठ सोडून त्या बायका आमच्याकडे येत होत्या. मी जन्मभर पाण्यावर आहे. ते किती कठीण होतं ते मला विचारा. बाईजा सगळ्यांत पुढे होती. तिची नाव मालानं भरलेली होती. आमच्यापासून वीस हातांवर तिनं हात घालून काकड्या पाण्यात टाकायला सुरुवात केली. मग दुधी. मग डांगरं. मागच्या दोघींनीही तेच केलं. माणसांना जागा हवी होती. पाण्यावर सगळीकडे हिरवं-पिवळं तरंगत होतं. पाहुण्यांच्या गळ्यात तीन कॅमेरे होते; एकानंही हात लावला नाही.

एकेक करून सगळी माणसं उतरवायला अर्धा तास लागला. गोजर एकेकाकडे बोट दाखवून सांगायची, कोण आधी, कोणता पाय आधी. कुलकर्णीबाई पहिल्या गेल्या. अनिल शेवटून दुसरा. तो जाताना थांबला आणि म्हणाला, "काकी, तू आधी."

"जा," ती म्हणाली.

ती उतरली तेव्हा माझ्यात गुडघाभर पाणी होतं. जाताना तिनं माझ्या कडेवर हात ठेवला. मग मी दोरावर लोंबत खाली बसले.

माणसं सगळी वाचली. खैरपाड्यात पाच घरांत वाटून राहिली आणि सोमवारी सकाळी, वारा पडल्यावर, नामाच्या नावेतून तीन खेपांत पलीकडे गेली.

अनिल गेला नाही. सकाळी तो गोजरच्या ओट्यापाशी आला आणि पाया पडायला वाकला. तिनं पाय मागे घेतले. "माझ्या नको. आधी बाईजाकडं जा. तिचा माल गेला, आनि जीवावर उदार होऊन ती आली." तो त्या तिन्ही बायकांच्या पाड्यांना चालत गेला. तिथे काय बोलणं झालं ते मला ठाऊक नाही. नोकरी त्याची गेलीच. पुढच्या वर्षी तो स्वतःच आठ-आठ माणसं घेऊन येऊ लागला. कागदावर फक्त 'पाड्यावरचा रविवार' असं असायचं. नामाकडून पोहायला शिकला. गोजर त्याच्याशी पुन्हा बोलू लागली, पण त्याला वर्ष लागलं.

मला आंब्यावरून सोडवून आणलं. सावळाराम म्हातारा झाला होता, तरी मुरबाडहून आला. बोटांनी चाचपून म्हणाला, "फळ्या बदलता येतील. पन आतली फासळी गेली. मानसं बसवू नका आता." तेव्हापासून पाच वर्षं मी या अंगणात आहे. गोजर नामाच्या नावेवर जाते. संध्याकाळी कधी माझ्या पाठीवर बसून पाय चोळते.

परवा बाईजा आली होती. तिच्या नावेचा तळ कुजलाय. गोजर तिच्याबरोबर बाहेर आली, तिनं वाकून माझी उजवी कूस वाजवून पाहिली. तिथल्या चार फळ्या अजून खणखणीत आहेत.

"ने," गोजर म्हणाली. "तुझ्या नावंला लाव."

उद्या सकाळी सावळारामचा मुलगा करवत घेऊन येणार आहे. मला भीती वाटत नाही. पाच वर्षांनी पाणी लागणार आहे अंगाला. तुम्ही कधी आमच्याकडे आलात आणि बाईजाच्या नावेत बसलात, तर एवढं करा: खाली बसा, आणि वल्हं धरलेली बाई 'थांबा' म्हणाली तर थांबा. तिला खालचं ठाऊक असतं.

येते मी.