चांगुणा छाप

व्हॉट्सअ‍ॅपवर स्टेटस ठेवायला अक्कल लागत नाही, म्हणून तर आमच्या सम्राट भाऊजींना ते जमलं. बरं, स्वतःच्या मोबाईलवर ठेवायचं की नाही? ठेवलं खळ्याच्या मोबाईलवर.

खळं म्हणजे पारनेरच्या बाजाराला लागून असलेली आमची पत्र्याची शेड. लिलावात कांदा घ्यायचा, खळ्यावर आणून निवडायचा, गोण्या भरून बांगलादेशाच्या हद्दीपर्यंत ट्रक धाडायचा, हा माझ्या सासऱ्यांचा, उत्तमरावांचा धंदा. घरात सगळे त्यांना दादा म्हणतात. मी थोरली सून, शुभांगी. हिशेब आणि तो मोबाईल माझ्याकडे असतो. सम्राट भाऊजी धाकटे दीर. काम थोडं आणि देशप्रेम फार.

सकाळी चहा घेताना मी स्टेटस पाहिलं. मागे फडकता झेंडा आणि वर मोठ्या अक्षरांत, ‘बांगलादेशाला कांदा बंद! एक गोणीसुद्धा जाऊ देऊ नका!’ खाली कुणीकुणी पाहिलं त्यांची नावं होती. दोन हमाल, माझा भाऊ, ग्रामसेवक, आणि सेलीमभाई. माझ्या हातातला चहा तसाच राहिला.

सेलीमभाई आमचा तिकडचा व्यापारी. दादांची आणि त्याची कधी भेट नाही, पण पंधरा वर्षं नुसत्या शब्दावर ट्रक जातायत. आणि त्या घडीला आमचा ट्रक कोलकात्याच्या पुढे गेला होता. सेलीमभाईने माल नको म्हटलं, तर तो कांदा हद्दीवर सडणार होता.

मी स्टेटस काढून टाकलं. पण पाहिलेलं कसं काढणार? फोन लावला, उचलला नाही. ‘सलाम भाई, गाड़ी आ रही है’ असं लिहून धाडलं. निळ्या खुणा आल्या, उत्तर आलं नाही.

दादांना सांगितलं तेव्हा ते गोण्यांची थप्पी मोजत होते. भाऊजींना त्यांनी जे ऐकवलं ते इथे लिहिण्यासारखं नाही. भाऊजीही गप्प बसले नाहीत.

“मी काय खोटं ल्हिलं? त्येंनीच आपला कांदा बंद केल्ता ना? बातम्या बघत न्हाई का तुमी?”

“आन त्येच्या आधी आपल्या सरकारनं केल्ता, तवा तू कुठं गेल्ता?” दादा ओरडले.

ते खरंच होतं. या दोन देशांचं बांधावर भांडणाऱ्या भावकीसारखं आहे. कधी आपण निर्यात बंद करतो, कधी शुल्क वाढवतो. मग ते रुसतात, आयातीचे परवाने अडवतात, पाकिस्तानचा नाहीतर चीनचा कांदा मागवतात. तिकडे भाव भडकला, इकडे माल पडून राहिला की दोघांनाही शेजार आठवतो. दिल्ली-ढाक्यातल्या मोठ्या लोकांचं यात काय जातं मला माहीत नाही. खळ्यावर निवडायला येणाऱ्या बायकांची हजेरी मात्र जाते. आताही तिकडून थोडे थोडे परवाने सुटायला लागले होते, आणि सेलीमभाईने पहिला फोन आम्हालाच केला होता.

दुपारपर्यंत मी त्या मोबाईलकडे इतक्यांदा पाहिलं की आजी म्हणाली, “शुभे, त्येला काय ताप आलाय का?”

आजी म्हणजे दादांची आई, चांगुणाबाई. आमच्या गोण्यांवर तिचं नाव असतं. लाल अक्षरांत ‘चांगुणा’, खाली पारनेर. तिला वाचता येत नाही, पण ती अक्षरं ती ओळखते. उभं आयुष्य तिने दुसऱ्यांच्या खळ्यावर कांदा निवडला, दाभणाने गोण्या शिवल्या. त्या गोण्यांवर शेटलोकांच्या बापांची, मुलांची, देवांची नावं. आमच्या बौद्धवाड्यातलं कुणी तोवर व्यापाराच्या गादीवर बसलं नव्हतं. दादांनी परवाना काढला तेव्हा बाजारात लोक हसून बोलायचे आणि माल मात्र दुसऱ्याकडून घ्यायचे. सेलीमभाईने कधी आडनाव विचारलं नाही. कांदा कोरडा आहे का, एवढंच विचारलं. पहिल्या ट्रकनंतर त्याचा निरोप आला होता की गिऱ्हाईक नाव घेऊन मागतंय, ‘चांगुना’ द्या. त्या दिवशी आजी रडली होती.

काय झालंय ते मी आजीला सांगितलं नाही. दादा दारातून आत, आतून दारात. भाऊजी बारदानाच्या ढिगावर तोंड फुगवून बसलेले. ट्रकवरच्या ड्रायव्हरचा, भीमाचा फोन आला, “ताई, हद्दीवर लाईनीत हाय. त्येंचा मानूस कुठं दिसंना.” मी म्हटलं, थांब. दुसरं काय म्हणणार होते?

उन्हं उतरताना सेलीमभाईचा फोन आला. मी तो सगळ्यांना ऐकू येईल असा लावला.

“शुभांगी भाभी, स्टेटस देखा मैंने,” तो म्हणाला.

दादांनी डोळे मिटून घेतले. मी माफी मागायला लागले, पण त्याने मला थांबवलं. म्हणाला, पोरगं आहे, आमच्याकडेही असली पोरं आहेत. सकाळी तशीच काही पोरं त्याच्या दुकानात आली होती. मोबाईलवर व्हिडिओ काढत होती, भारताचा माल कोण विकतं त्याचा. दिवसभर त्याने शटर ओढून ठेवलं होतं, म्हणून फोन उचलला नाही. माल तो घेणार होता. हद्दीवरच्या गोदामात त्याची माणसं कांदा दुसऱ्या गोण्यांत भरून घेणार होती.

“आगे से बोरी सादी भेजना, भाभी,” तो म्हणाला. “उस पे कुछ लिखा न हो. नाम भी नहीं.”

मला हायसं वाटायला हवं होतं, पण माझी नजर थप्पीवरच्या लाल अक्षरांवर गेली.

आजीला हिंदी थोडं कळतं. ती जवळ आली आणि मोबाईलसाठी हात पुढे केला.

“सेलीम, बाबा,” ती मोठ्याने म्हणाली, लांबच्या माणसाशी मोठ्यानेच बोलायचं असतं असं तिला वाटतं. “तू संभाळून ऱ्हा. नावाचं काय एवढं? नाव आमी हितं घिऊ.”

त्याला किती समजलं कोण जाणे. तो नुसता “जी माँ, जी माँ” म्हणत राहिला. मग फोन बंद झाला. आजीने मोबाईल पदराने पुसून मला परत दिला आणि आत निघून गेली.

पुढच्या आठवड्यात दुसरा ट्रक लागला. दादांनी कोरं बारदान आणलं होतं. छापलेल्या गोण्या त्यांनी स्वतः माळ्यावर टाकल्या. शेजारच्या गाळ्यातल्या व्यापाऱ्याचा मालही तिकडेच जाणार होता, त्यालाही तोच निरोप होता. दोघांच्या थप्प्या बाजाराच्या एकाच ओट्यावर लागल्या. हमालांची घाई चालली होती, भीमा हॉर्न वाजवत होता.

आजी काठी टेकत ओट्यापाशी आली. प्रत्येक ट्रक भरताना ती येते, गोणीवरच्या अक्षरांवर हात फिरवते आणि मगच घरी जाते. आज अक्षरंच नव्हती. तिने या थप्पीकडे पाहिलं, त्या थप्पीकडे पाहिलं.

“सम्राट,” ती म्हणाली, “ह्यातल्या आपल्या कंच्या रं?”

भाऊजींनी त्या आठवड्यात एकही स्टेटस ठेवलं नव्हतं. ते आजीच्या शेजारी जाऊन उभे राहिले, दोन्ही थप्प्यांकडे बघत. मग त्यांनी अंदाजाने एकीकडे बोट केलं.

ती थप्पी शेजारच्या व्यापाऱ्याची होती. मला माहीत होतं, पण मी आजीला अडवलं नाही. आजी पुढे झाली आणि तिने त्या कोऱ्या गोणीवर हात ठेवला.