लाल दोऱ्याचा रिमोट

आईने जुन्या रिमोटची जाड पिन गेमच्या नव्या डब्याच्या बारक्या भोकात घालायचा तिसऱ्यांदा प्रयत्न केला, आणि ती जात नाही म्हटल्यावर डब्यालाच एक चापट ठेवून दिली.

"जात नाही मेली."

"जाणारच नाही, आई," मुलगी म्हणाली. "ह्याचे रिमोट वेगळे असतात. बिनवायरचे. हे घे."

"म्हणजे सीडी जुनी चालते आणि रिमोट जुना चालत नाही. सून ठेवली नि सासू हाकलली, त्यातली गत."

जावई हसला, आणि सासूबाईंची नजर वळताच खोकला. तो शाळेत भूगोल शिकवायचा. जगातल्या सगळ्या नद्या त्याला सापडत, आपला चष्मा तेवढा सापडत नसे. आज त्याला पंच म्हणून आणलं होतं. पंच दोन्हीकडून शिव्या खाणारा लागतो, असं आईचं मत होतं, आणि ह्या बाबतीत जावयाला तोड नव्हती.

मुलीने जुनी सीडी फडक्याने पुसून नव्या डब्यात सरकवली. आईचं सगळं लक्ष त्या फटीकडे होतं. ती सीडी बाहेर थुंकली जावी अशी तिची मनापासून इच्छा आहे, हे तिच्या मिटलेल्या ओठांवरून कळत होतं.

त्याला कारण होतं. ह्या घरातली भांडणं तोंडाने मिटत नसत, कारण तोंडाच्या लढाईत आईपुढे कुणाचाच टिकाव लागत नसे. म्हणून बाबांनी फार वर्षांपूर्वी एक नियम घातला होता. जे भांडण दुसऱ्या दिवसापर्यंत लांबेल ते गेमवर सोडवायचं. गाड्यांची शर्यत, तीन डाव, जिंकेल त्याचं खरं, आणि मग कुणी चकार शब्द काढायचा नाही. बाबा टीव्ही-रेडिओ दुरुस्त करायचे. तो काळा गेमचा डबा मेला म्हणून कुणीतरी त्यांच्या दुकानात टाकून गेलं होतं. बाबांनी त्याच्यात धुगधुगी आणली आणि तो घरचा न्यायाधीश झाला. भिंतीला रंग कुठला, पाहुणे किती दिवस, मांजर ठेवायचं की नाही, सगळे निवाडे त्यानेच केले. आई त्याच्यावर आयुष्यात एकदाच हरली होती. मुलीने शिवणकाम सोडून लिफ्ट दुरुस्तीचं काम शिकायचं ठरवलं, तेव्हा. "त्या दिवशी डोळ्यात दोऱ्याचं सूत गेलं होतं," असं आई अजून सांगे.

मुलगी आता शहरभरच्या लिफ्टा चालू ठेवायची, आणि तिची आई लिफ्ट नसलेल्या इमारतीत तिसऱ्या मजल्यावर राहायची. बासष्ट पायऱ्या. गेल्या महिन्यात ती शिवायच्या गणवेशांच्या कापडाचं गाठोडं घेऊन दुसऱ्या मजल्यावर तासभर बसून होती. शेजारणीने विचारलं तर म्हणाली, बटणं मोजतेय. गुडघा भाकरीसारखा फुगला होता. मुलीच्या घरी तळमजल्याची एक खोली रिकामी होती. पंधरा दिवस दोघींची ह्यावर जुंपली, आणि मुलगी म्हणाली, चल, तीन डाव खेळू. आईने जुना डबा लावला. त्याने एक उचकी दिली आणि राम म्हटला.

"गेला बिचारा," आई म्हणाली होती, आणि तिचा चेहरा मुळीच पडला नव्हता. "निवाडा करणाराच गेला, आता कसला निवाडा."

म्हणूनच मुलीने दहा दुकानं पालथी घातली, आणि जुन्या सीडी खाणारा नवा डबा शोधून आणला.

टीव्हीवर आधी काळोख झाला, मग तीच कर्कश पिपाणी वाजली आणि त्याच भडक गाड्या ओळीने उभ्या राहिल्या. आईचा चेहरा तिच्या नकळत उजळला.

"अगं, लाल गाडी आहे की."

"सगळं आहे. डोंगर, समुद्र, तो पूलसुद्धा."

"दोनदा खाली, एकदा मधलं," नवा रिमोट हातात घेत आई पुटपुटली. तिला अक्षरं लावायला वेळ लागे, म्हणून गेममधले सगळे रस्ते तिने अंगठ्याला पाठ करून ठेवले होते. दोनदा खाली, एकदा मधलं, आणि लाल गाडी पुढे आली. तिने मान डोलावली, जणू गावाकडचं कुणी भेटलं.

जुना रिमोट तिने खाली ठेवला नाही, शेजारी खुर्चीवर बसवला. त्याच्या वायरला लाल दोरा गुंडाळलेला होता. हा आईचा रिमोट. त्याला दुसऱ्या कुणी हात लावायचा नाही, हा नियम मात्र बाबांचा होता, आणि तो त्यांनी का घातला हे मुलीला ठाऊक होतं.

ती अकरा वर्षांची असताना एकदा तिने गुपचूप तो रिमोट घेऊन पाहिला होता. डावीकडे दाबलं की गाडी उजवीकडे जाई, उजवीकडे दाबलं की डावीकडे. तीनदा भिंतीवर आदळून ती दुकानात पळाली. बाबांनी दिव्याखालून मान वर केली, दार लोटून घेतलं आणि बोटाने गप्प केलं. रिमोटवर चहा सांडला होता. त्यांनी तो उघडून आतल्या दोन तारा नव्याने जोडल्या होत्या, आणि उलट्या जोडल्या होत्या. सांगायला गेले, तोवर आई दोन दिवस त्यावर खेळून हाताला वळण लावून बसली होती आणि तिने त्यांना तिन्ही डावांत हरवलंही होतं. वर त्याच दिवशी ती शेजारणीला सांगत होती, आमच्या ह्यांच्या हातून सगळं चुकेल, तार चुकायची नाही.

"आता कोणत्या तोंडाने सांगू?" बाबा म्हणाले होते. "तूही बोलू नकोस. माझी शपथ."

ती बोलली नव्हती. बाबा गेल्यावर तर बोलायचा प्रश्नच नव्हता.

"सुरू करा," पंच म्हणाला.

पहिल्याच वळणावर आईची लाल गाडी समुद्रात गेली.

गाडी रस्त्यावर परत आली, जरा धावली आणि पुलाचा कठडा तोडून पुन्हा समुद्रात गेली. मुलीने आपल्या गाडीचा वेग कमी केला.

"थांबू नकोस," आई पडद्यावरून नजर न काढता म्हणाली. "भीक नकोय मला."

"थांबले नाही. वळण आहे."

"सरळ रस्त्यावर वळण दिसतंय तुला. नवऱ्याचा चष्मा घे."

डाव संपला तेव्हा आई अर्ध्या रस्त्यात होती, गवताच्या गंजीत नाक खुपसून. तिने रिमोट मांडीवर ठेवला आणि अंगठे न्याहाळले. मग डावा अंगठा दातात हलकेच चावला. सुई टोचली की ती तसं करायची.

"एक शून्य," जावई म्हणाला, आणि खोली फारच शांत आहे हे लक्षात आल्यावर त्याने पाणी मागितलं.

"हात गार पडलेत," आई म्हणाली.

मुलगी वाट पाहत राहिली. आता ती म्हणेल, हे डबडं उलटं चालतं. ही गाडी बदल, सीडी खोटी आहे, टीव्ही तिरका आहे. घासातल्या खड्यासाठी वाण्याचा चार गल्ल्यांत उद्धार करणारी बाई ही. आपला दोष ती कधी आपल्या अंगाला लावून घेत नसे. पण आईने फक्त हात चोळले, आणि अंगठा रिकाम्या हवेत एकदा डावीकडे, एकदा उजवीकडे हलवून पाहिला. अगदी सावकाश. पहिलीतलं पोर अक्षर गिरवतं तसा.

अजून एक डाव. बस. एक डाव गप्प बसलं की तळमजल्याची खोली, सपाट अंगण, आणि जिन्यात बसून बटणं मोजणं बंद. मुलीने रिमोट हातात फिरवला. गुडघा तिला दिसत होता, पातळाखाली उशीसारखा. आई हरली तर येईल. शब्दाची पक्की होती. बाबांची शपथही मोडणार नव्हती.

पण लिफ्टच्या कामात ती एक गोष्ट शिकली होती. बटण उलटं जोडलेलं आहे हे ठाऊक असताना माणसाला आत बसवायचं नसतं. मग तो खाली जायचा असो की वर.

"आवाज फार मोठा आहे," ती उठत म्हणाली. "जरा कमी करते."

तिने गेम थांबवला आणि नव्या डब्याची सेटिंगची यादी उघडली. रिमोट दुसरा. बटणं. डावीच्या जागी उजवी, उजवीच्या जागी डावी. टीव्हीवर बारीक अक्षरांच्या ओळी सरकत होत्या. जावई वाचायला पुढे वाकला, तशी तिने त्याच्या पायावर पाय दिला.

"आवाज कमी करायला एवढं पुराण?" आई म्हणाली.

"नवीन आहे ना. सापडत नाही लवकर."

"हं."

दुसऱ्या डावात पहिलं वळण आलं आणि लाल गाडी लोण्यातून सुरी फिरावी तशी फिरली. आईचा अंगठा क्षणभर थबकला. तिने मुलीकडे पाहिलं नाही. मग ती पाठ ताठ करून बसली, शिलाई मशीनवर बसायची तशी, आणि पुढचं सगळं जुन्यासारखं झालं. पूल, डोंगर, बोगदा. मुलगी जीव तोडून खेळली, तरी तिला लाल गाडीचं मागचं टोकच तेवढं दिसत राहिलं.

"एक एक," जावई म्हणाला.

"मोजता येतं आम्हाला. तुम्ही पाणी प्या."

तिसऱ्या डावात मुलीने कुणाचीच गय केली नाही. बोगद्यात ती पुढे होती, पुलावर दोघी बरोबर, आणि शेवटच्या वळणाला आईने कठड्याला इतकं घासून गाडी काढली की जावयाने पाय वर घेतले. नखभर अंतराने लाल गाडी रेषेपार गेली. कर्कश पिपाणी वाजली. आवाज मुळीच कमी झालेला नव्हता.

आईने रिमोट ठेवला आणि केसांवरून हात फिरवला.

"कुणाचं खरं, पंच?"

"तुमचं, आई."

"मग झालं तर. चहा टाकते."

ती टेबलाला धरून उठली. जाताना तिने खुर्चीवरचा जुना रिमोट उचलला आणि मुलीच्या मांडीवर टाकला.

"हा बघ उघडून. नव्या डब्याला जोडता येतो का. बापाची लेक आहेस ना."

आत भांड्यांचा आवाज सुरू झाला. मुलीने खिशातला बारका पेचकस काढला. हरल्याचं वाईट वाटायला हवं होतं. पण अजून ते पोचलं नव्हतं, जिन्यात कुठेतरी दम खात असावं. बासष्ट पायऱ्या उतरताना भेटणार होतं.

पेचांच्या खाचा तिला विचित्र वाटल्या. बाबा पेच असा बोथट करत नसत. ह्या खाचा कडेला फाकल्या होत्या, पेचकसाऐवजी कात्रीच्या टोकाने फिरवल्यासारख्या. तिने झाकण उचललं.

दोन बारीक तारा एकमेकींवरून गेलेल्या. एका तारेचा कथिलाचा डाग बाबांचा, मोत्यासारखा गोल. दुसरीचा डाग कधीकाळी सुटला होता. ती तार कुणीतरी पुन्हा तिच्या जागी, त्याच चुकीच्या जागी, लाल दोऱ्याने घट्ट बांधली होती. नऊ वेढे, आणि वर गणवेशाच्या बटणाखाली घालतात ती बारीक गाठ. सरळ करायच्या असत्या तर दोन्ही तारा तेव्हाच सरळ झाल्या असत्या.

जावई वाकून बघू लागला. "काय आहे?"

"काही नाही. गाठ आहे."

ती गाठीकडे बघत राहिली. पहिला डाव तिला पुन्हा दिसला. समुद्रात जाणारी गाडी, मिटलेले ओठ, आणि हात गार पडलेत म्हणणारी आई. आणखी एक डाव तसाच गेला असता तर खोली, शेजार, भिंतीजवळचं मशीन, सगळं गेलं असतं. आणि तरीही बाबांच्या तारेवर बोट न ठेवता ती गवताच्या गंजीत नाक खुपसून गप्प बसली होती.

आई कप घेऊन आली. उघड्या रिमोटकडे तिने एकदा पाहिलं आणि कप त्याच्यापासून हातभर लांब ठेवला.

"चहा सांडायचा नाही त्याच्यावर. आणि पेच नीट लाव."

"लावते."

"ती तुझ्याकडची खोली. खिडकी कुठल्या अंगाला?"

मुलीने मान वर केली. "आत शिरताना डाव्या."

"बरं. मशीनला उजेड डावीकडून लागतो." आईने बशीत चहा ओतला आणि फुंकर घातली. "रविवारी गाडी आण. मशीन आधी जाईल, मग मी."

"पण तू जिंकलीस ना?"

"म्हणूनच. हरले असते तरी आले असते, नियम तो नियम. पण तोंड पाडून आले असते, आणि तुमच्या घरात मग रोज मला तोंड पाडून बसावं लागलं असतं. आता माझ्या मर्जीने येतेय. पडदे मला विचारून लावायचे."

जावयाने गंभीरपणे मान हलवली. मुलगी पेच आवळत राहिली.

"आणि ऐक," आई म्हणाली. "तो आवाज कमी केलास ना मघाशी, तो तसाच राहू दे. माझ्या रिमोटचा."

"आवाज दोन्ही रिमोटना एकच असतो, आई," जावई म्हणाला.

"तुम्ही चष्मा शोधा," आई म्हणाली. "कपाळावर आहे."