बंद घरांतले दिवे

"आधी दार स्वतःकडे ओढ, मग चावी फिरव," चावीखाला म्हणाली. "नुसती खटपट करशील तर संध्याकाळपर्यंत इथेच उभी राहशील."

शेजारच्या शिंपिणीने दार ओढले, चावी फिरवली. कुलूप निघाले, पण दार खाऱ्या हवेने फुगले होते. खांदा लावून रेटावे लागले. आत ओल्या चादरीसारखा वास कोंडला होता. खालाने काठी भिंतीला टेकवली आणि लंगडत जाऊन समुद्राकडची खिडकी उघडली.

"हे कॅप्टनचं घर. न्हाणीघरातला नळ सोड. आधी लाल पाणी येईल, घाबरू नकोस. स्वच्छ होईपर्यंत वाहू दे आणि तोवर कपाटं उघड."

"अगं बाई, एवढे कोट? या उकाड्यात घालतं कोण?"

"कुणीच नाही. म्हणून तर बुरशी धरते. जरा उन्हात टांग. आणि मापं घेत बसू नकोस त्यांची."

शिंपीण हसत हसत कोट बाहेर काढू लागली.

गावातली माणसे जहाजांवर आणि परदेशांत पांगली होती. आधी पुरुष गेले, मग बायकामुले आणि शेवटी म्हातारी माणसेही मुलांकडे गेली. घरे मात्र मागेच राहिली. परदेशच्या पैशाने बांधलेली, चकचकीत फरशीची, मशिदीपासून बंदरापर्यंत ओळीने उभी. खालाचा नवरा होड्या दुरुस्त करायचा. तो वारल्यानंतर एका शेजारणीने निघताना तिच्या हातात चावी ठेवली, "अधूनमधून खिडक्या उघडा" म्हणाली. मग दुसरीने ठेवली. हळूहळू ती गावाची चावीखाला, चाव्यांची मावशी झाली आणि कमरेचा जुडगा एवढा जड झाला की खाला येते आहे हे मांजरांनाही आधी कळे. कुठली चावी कुणाची हे ओळखायला तिने शिंपिणीकडच्या चिंध्या बांधल्या होत्या. कॅप्टनची निळी, मास्तरांची पिवळी.

सूर्यास्ताची, मगरिबची अजान व्हायच्या आधी ती या घरांच्या पुढच्या खोल्यांत दिवे लावत फिरे. आत माणूस आहे असे चोराला वाटावे, एवढाच हेतू. नांदत्या घरांतल्या बायका विजेचे बिल आठवून थोडे थांबत. त्यामुळे गावात दिवे आधी लागत ते रिकाम्या घरांत. होडीतून परतणाऱ्याला लांबून गाव भरलेले दिसे.

मागच्या महिन्यात ती कॅप्टनच्याच जिन्यावरून घसरली. गुडघा असा वळला की उठता येईना. खालच्या पायरीशी पडल्या पडल्या तिने हाका मारल्या. ऐकणार कोण? आजूबाजूच्या सगळ्या घरांच्या चाव्या तिच्याच कमरेला होत्या. अंधार पडायला आला तेव्हा शिंपिणीने मशीनवरून मान वर केली, तर कॅप्टनकडे दिवा नाही आणि मास्तरांकडेही नाही. हातातली बाही तशीच सुईखाली ठेवून ती धावली.

मुलाचा फोन आला. "बस झालं आता, अम्मी. जिना नसलेलं घर आहे माझं. या इकडे."

याआधी दोनदा त्याने बोलावले होते. "मी आले तर माझं घर कोण उघडेल?" असे म्हणून तिने टाळले होते. गेलेली माणसे परत येतात की नाही, हे तिच्याइतके गावात कुणाला ठाऊक नव्हते. पण या वेळी गुडघ्याकडे बघत ती "येते" म्हणाली. उद्या निघायचे होते.

"फोन येतील तुला," कोट परत कपाटात लावताना ती शिंपिणीला म्हणाली. "पुढच्या सुट्टीत नक्की येतो, म्हणतील. कधी, असं विचारायचं नाही. हसायचं तर मुळीच नाही. म्हणायचं, या की, घर तयारच आहे."

"आणि नाही आले तर?"

"तर काय? नळ सोडायचा, खिडक्या उघडायच्या."

"कॅप्टन शेवटचे कधी आले होते हो?"

खालाने हातातल्या कोटाची कॉलर सरळ केली. "नळ बंद कर. पाणी कधीचं स्वच्छ झालंय."

दुसऱ्या दिवशी ऊन पार उतरल्यावर गाडी दारात आली. खालाने आपल्या घराच्या खिडक्या लावल्या, पुन्हा एकदा ओढून पाहिल्या. इतकी वर्षे लोकांची दारे बंद करणाऱ्या बाईला स्वतःच्या दाराची कडी सापडेना. मग बाहेर येऊन तिने कुलूप घातले, कमरेचा जुडगा सोडला, त्यात आपली चावी ओवली आणि सगळा शिंपिणीच्या हातात दिला.

"हिला कुठला रंग?" शिंपिणीने विचारले.

"उरला असेल तो बांध कुठलाही."

शिंपिणीने ओढणीच्या गाठीतून एक चिंधी काढली. बारीक फुलांची, करड्या कापडाची. खालाच्या अंगावर होता तो प्रवासासाठीचा कुर्ता तिने परवाच शिवून दिला होता. त्याचाच तुकडा होता.

"मोरीचा नळ गळतो," खाला म्हणाली. "घट्ट पिळू नकोस, आटे जातील."

"माहीत आहे."

"सहा महिन्यांत येतेच मी. गुडघा सुधारला की लगेच."

शिंपिणीचे ओठ काहीतरी विचारण्यासाठी उघडले. मग तिने चिंधीची गाठ आवळली.

"या की, खाला. घर तयारच आहे."

खालाने तिच्याकडे रोखून पाहिले. "चांगली शिकलीस," ती म्हणाली आणि काठी आत घेऊन गाडीत बसली.

गाडी बंदराला वळसा घालून चढाला लागली, तेव्हा सूर्य पाण्याला टेकत होता. अजान अजून व्हायची होती. खालाने काच खाली करून मागे पाहिले. खाली नांदती घरे अजून काळोखीच होती. तिच्या घराच्या पुढच्या खोलीत मात्र दिवा लागला होता.

"जरा लवकरच लावला," ती म्हणाली.

"काय म्हणालात?" ड्रायव्हरने विचारले.

"काही नाही. चला."