तीन अंगठे

फाइलीत एकशे चौदा पानं होती आणि अंगठे तीन. पानं कारकून लुबना मॅडमनी मोजली, अंगठे सारजाबाईंनी. वाचता येत नसलं तरी त्यांचं मोजणं पक्कं होतं. छावणीतल्या शाळेत सोळा वर्षं खिचडी शिजवताना ताटं मोजून द्यायची, मोजून परत घ्यायची.

फुलंब्रीच्या रस्त्यावर त्यांना टेम्पोनं उडवल्याला तीन वर्षं झाली होती. भरपाईचे आठ लाख चाळीस हजार कोर्टात जमा होते. मांडीतली सळई सरकली होती. महिन्याभरात ती बदलली नाही तर पाय कायमचा आखडेल, असं डॉक्टरांनी सांगितलं होतं. म्हणून आज पैसे काढायचा अर्ज.

धाकटी जाऊ रूपा बाकाच्या कडेला बसली होती. रिक्षातून तिनंच उतरवून आणलं होतं. कागदांची पिशवी मात्र सारजाबाईंनी तिच्या हाती दिली नव्हती. वकिलाच्या मुन्शीशी ही फोनवर इतकं हळू काय बोलते? आपण आलो की फोन का ठेवते?

"मावशी, इधर. अंगठा लावा," लुबना मॅडम म्हणाल्या.

"सही करते की. शिकले मी."

"फाइल में अंगठा आहे ना. तो जुळायला पाहिजे."

सारजाबाईंनी अंगठा दाबला. लुबना मॅडमनी भिंग धरलं, मागची पानं उलटली, पुन्हा भिंग धरलं.

"हा तुमचा नाही."

"आसं कसं? माझ्याच नावाची केस हाय."

"केस तुमची. अंगठा दुसऱ्याचा."

फाइलीतल्या तिन्ही ठशांवर रेषांना आडवी कापत एक पांढरी रेघ गेली होती. जुन्या जखमेचा व्रण. सारजाबाईंच्या नव्या ठशातल्या रेषा सलग होत्या.

"कवाचे हायेत ह्ये?"

लुबना मॅडमनी तारखा वाचल्या. पहिला अपघातानंतर अकराव्या दिवशीचा. सारजाबाई एकोणीस दिवस बेशुद्ध होत्या. शेवटचा तडजोडीच्या कागदावर, सातव्या महिन्यातला. तेव्हा त्या खाटेवरून उठतही नव्हत्या.

त्यांनी मान वळवली. रूपाचा उजवा हात पदराखाली होता.

"रूपे, हात दाखव."

"आक्का, घरी बोलू."

"हितंच. माझ्या पैशावर तुझा अंगठा? तरीच म्हनलं, मुन्शी हिला कामून फोन करतो!"

"त्यो नाय करत, मी करते." रूपाचा आवाज चढला. "केस लवकर लावायची, आक्का शुद्धीवर यायची वाट बघत बसू नको, आसं मुन्शी मला म्हनला. मी लावला. पुढं तोच जुळावा लागंल म्हनला, म्हणून पुन्हा तोच. दर म्हैन्याला इचारते त्याला, धरतेत का मला म्हणून."

"तीन वर्सं मला सांगितलं नाय?"

"कवा सांगू? दूध आणलं तरी तुमी पातेलं उजेडात धरून बघता, पाणी घातलं का म्हणून."

लुबना मॅडमनी टोपण लावून पेन खाली ठेवलं.

"देखो, ज्याचा अंगठा आहे त्यानं लिहून द्यायचं, शेजारी ठसा द्यायचा. मग साहेबांसमोर जाईल. तोपर्यंत पैसे निघणार नाहीत. आणि लिहून देणाऱ्यावर गुन्हापण होऊ शकतो."

"आन् नाय दिलं तर?" सारजाबाईंनी विचारलं.

"तर पैसे जमाच राहतील."

"हिला आत टाकतेत का?"

"ते मी कसं सांगू, मावशी?"

सारजाबाईंची नजर खाली गेली. रूपाच्या चपलेचा अंगठा तारेनं बांधलेला होता. मग त्यांनी शाईचा पॅड स्वतःकडं ओढला.

"लिवा मॅडम, कोनाचा हाय ते म्हायती नाय. त्याखाली माझा अंगठा घ्या."

"आक्का, पाय जाईल तुमचा."

"पाय माझा हाय. गप बस."

"माझ्याच कमरेला धरून चालायचं हाय ना मग जल्मभर? सरका."

दोघींनी पॅड दोन्हीकडून धरला. शाई टेबलावरच्या काचेला लागली, सारजाबाईंच्या बांगड्यांना लागली. शेवटी रूपानं तो हिसकावला आणि कोऱ्या कागदावर अंगठा टेकवला. उचलायची घाई केली नाही.

लुबना मॅडमनी ठसा वाळू दिला. मग खणातून पट्टी काढून आधी फाइलीतल्या ठशाला लावली, नंतर या कागदाला, आणि आकडे शेजारी शेजारी लिहिले.

फाइलीतल्या ठशावरचा व्रण, अकरा मिलिमीटर. रूपाच्या ठशावरचा, अकरा मिलिमीटर.