मी मारलेली तांबडी रेघ

मित्रांनो, मी एक जुना लाकडी रूळ आहे. गोल, काळा, हातभर लांब. तुमच्या दप्तरातल्या चपट्या पट्टीचा मी आजोबाच म्हणा ना. माझ्या गोष्टीचा शेवट गोड नाही, हे आधीच सांगून टाकतो. नंतर मला बोल लावू नका.

एका कातार्‍याने मला शिसवीच्या तुकड्यातून घडवले. तो मला टेबलावर घरंगळत सोडायचा आणि एक डोळा मिटून पाहायचा. जरा कुठे डगमगलो की पुन्हा घासायला घ्यायचा. माझ्याबरोबरचे बरेच भाऊ शाळांमध्ये गेले आणि पोरांच्या तळहातांवर त्यांनी नाव कमावले. मी मात्र जमिनींच्या नोंदी ठेवणाऱ्या कचेरीत दाखल झालो.

तिथला कारकून मोठा अबोल माणूस, पण त्याचे अक्षर मोत्यासारखे. जमीन कोण कसते, सारा कोण भरते, हे तो एका जाडजूड वहीत लिहायचा. नोंद बदलली की मला नीट धरून जुन्या नावावर तांबडी रेघ मारायचा. कचेरीचे काम एवढेच होते. जमीन मुळात कोणाच्या मालकीची, असा वाद निघाला तर तो कोर्टाने सोडवायचा. कारकून हे लोकांना सांगून सांगून थकायचा.

एका सकाळी बहीणभाऊ आले. थोरली बहीण आणि धाकटा भाऊ. वहीत नाव भावाचे होते. बहिणीकडे वडिलांनी लिहिलेले मृत्युपत्र होते, की विहिरीकाठची जमीन थोरलीला द्यावी. भाऊ म्हणत होता, कागद बनावट आहे. बहिणीबरोबर त्यांची म्हातारी आई होती. कागदावर साक्षीदार म्हणून सही करणारे शेजारचे मास्तरही आले होते.

त्या वेळचे साहेब फार मायाळू. त्यांनी भिंग घेऊन सही पाहिली आणि आईला विचारले, "आजी, हे तुमच्या समोर लिहिलं का?"

"माझ्या समोरच. कंदील मीच धरला होता," आई म्हणाली. मास्तरांनीही मान डोलावली.

कारकून हळूच म्हणाला, "साहेब, कागद खरा की खोटा हे आपण नाही ठरवायचं. ताईंना कोर्टात जायला सांगा."

"कोर्टात गेली तर म्हातारी होऊन बाहेर येईल बिचारी. मी जेवणाच्या सुट्टीआधी मिटवतो."

"निदान यांचे जबाब तरी लिहून घेऊ?"

"कशाला? मी ऐकलं ना माझ्या कानांनी."

झाले. भावाच्या नावावर रेघ पडली. साहेब वहीत वाकून म्हणाले, "वा, काय सरळ रेघ आहे!" खोटे कशाला बोलू, माझी छाती फुगली. बहिणीने आईचा हात धरला आणि दोघी रडू लागल्या. आपण एका बाईचे भले केले, असे मला कित्येक वर्षे वाटत राहिले.

तिने त्या जमिनीत लिंबाची झाडे लावली. कोर्टाकडे ती फिरकलीच नाही. कशाला फिरकेल? साहेबांनी निकाल दिला होता ना! भावाने वरच्या कचेरीत अपील केले होते, पण ते भिजत घोंगडे अकरा वर्षे तसेच पडून राहिले. इकडे कॉम्प्युटर आले. वह्या कपाटात गेल्या आणि माझी रवानगी खिडकीत झाली. वाऱ्याने झडप आपटू नये म्हणून मला फटीत खुपसून ठेवले. उन्हाने मला चीर गेली. कोणी ढुंकूनही पाहिले नाही.

मग वरून निकाल आला. मृत्युपत्र खरे की खोटे हे ठरवायचा या कचेरीला अधिकारच नव्हता, म्हणून साहेबांचा हुकूम रद्द. नाव पुन्हा भावाचे. ज्याला मालकी हवी, त्याने कोर्टात जावे. निकालात चुकीचे काही नव्हते, हेच तर दुःख आहे. जुनी वहीही दुरुस्त करायची होती, म्हणून कारकुनाने मला खिडकीतून काढले, पुसले आणि बहिणीच्या नावावर ठेवले. याही वेळी रेघ सरळच आली. मला दुसरे काही येतच नाही.

ती समोरच उभी होती. नवे साहेब म्हणाले, "ताई, माझ्या हातात काही नाही. कोर्टात जा."

"साक्षीला कोणाला नेऊ?" तिने विचारले. "आईला जाऊन सहा वर्षं झाली. मास्तर आहेत, पण त्यांना स्वतःचं नावसुद्धा आठवत नाही."

"त्यांचे तेव्हाचे जबाब असतील की." साहेबांनी कारकुनाकडे पाहिले. "ते लिहून घेतलेच नव्हते," कारकून म्हणाला.

"तेव्हाच कोर्टात जा म्हटलं असतं तर गेले असते हो," ती म्हणाली. आवाज चढवला नाही तिने. पिशवी उचलली आणि निघून गेली. भावाने पुढच्याच आठवड्यात झाडे तोडली, असे कारकून कोणाला तरी सांगत होता. तिने पुढे दावा लावला की नाही, ते मला कळले नाही. लावला असेल तरी काय घेऊन उभी राहिली असेल?

मित्रांनो, मला पुन्हा टेबलावर घ्या, असे मी म्हणत नाही. माझे दिवस संपले. पण तुमच्यातला कोणीतरी उद्या त्या खुर्चीवर बसेल, आणि तुमच्या मनात माया असेल. ती जरूर असू द्या. मात्र जे आपल्या हातात नाही, ते नाही म्हणून सांगा. तोंडावर सांगा, वाईट वाटले तरी सांगा. आणि त्याच दिवशी सांगा, समोरच्या बाईची आई जिवंत आहे तोवर.