उजव्या गालाची डायरी

मेलबर्नजवळच्या वेरिबीच्या बसडेपोत अशी वदंता होती की प्रल्हादच्या उजव्या गालावर उन्हाळ्यात पापड भाजता येतो. यात थोडी अतिशयोक्ती आहे. पापड काही भाजला नसता, फार तर कुरडई वाळली असती. पण गाल रापला होता हे खरं. ऑस्ट्रेलियात सतरा वर्षं बस चालवायची म्हणजे सतरा वर्षं उजव्या खिडकीला चिकटून बसायचं, आणि प्रल्हादचा रूट असा नतद्रष्ट की सकाळी उत्तरेला जाताना ऊन उजवीकडून, दुपारी दक्षिणेला येताना पुन्हा उजवीकडूनच. डावा गाल पुण्याहून अकाउंटिंग शिकायला आलेल्या पोराचाच राहिला. उजवा त्या पोराच्या आजोबांचा झाला. पासपोर्टचा फोटो काढणाऱ्याने म्हणे एकदा विचारलं होतं, दोघांपैकी कुणाचा काढू?

या गालावर शिवांगीची नजर पडली आणि तिथून प्रल्हादच्या मागे जे पाप लागलं, ते अजून सुटलेलं नाही.

शिवांगी नाशिकची. मास्टर्स करायला आली तेव्हा पहिलं वर्ष प्रल्हाद-मयूराच्या मागच्या खोलीत भाड्याने राहिली होती. आता शहरात एका मार्केट रिसर्चच्या एजन्सीत लागली होती, तरी शनिवारी जेवायला यायची. एका शनिवारी ती आमटी-भात कालवता कालवता प्रल्हादच्या तोंडाकडे टक लावून बघत राहिली.

"काका, तुमचा हा गाल मला हवाय."

"दोन्ही ने," मयूरा म्हणाली. "नाहीतरी टीव्हीपुढे नुसते पडून असतात."

मग शिवांगीने समजावलं. ओसाकाच्या एका क्रीम बनवणाऱ्या कंपनीचं काम होतं. जपानात माणसं कमी होत चाललीत, आहेत ती म्हातारी होतायत, आणि जिथे बायका रात्री सात बाटल्यांतून सात थर लावायच्या तिथे आता एकाच बाटलीत सगळं द्या म्हणतात. म्हणजे कंपन्यांचा धंदा जागच्या जागी आटत चाललेला. वाढतंय ते एकच गिऱ्हाईक, पुरुष. चाळिशीपुढच्या जपानी साहेबांनी घरून मीटिंगा करताना स्क्रीनच्या चौकोनात आपलं तोंड तास-तासभर पाहिलं आणि हबकून क्रीमच्या दुकानात धावले. आता कंपनीला परदेशातले असे पुरुष हवे होते ज्यांनी जन्मात साबणापलीकडे तोंडाला काही लावलं नाही.

"असे पुरुष शोधायला एजन्सी कशाला लागते?" मयूराने विचारलं.

"मिळतात, काकू, पण लावायला लाजतात. काका, आठ आठवडे. क्रीम फक्त उजव्या गालाला. डाव्याला काही नाही, म्हणजे फरक कळतो. रोज चार ओळी डायरी, मराठीत लिहा, मी भाषांतर करीन. सुरुवातीला आणि शेवटी मशीनमध्ये फोटो." मग ती थोडी हळू बोलली. "हा माझा पहिला प्रोजेक्ट आहे. नीट झाला तर एजन्सी मला व्हिसासाठी स्पॉन्सर करणारे."

हा शब्द प्रल्हादच्या थेट काळजात गेला. व्हिसाची वाट बघत त्याने स्वतः चार वर्षं काढली होती. पोस्टमनची सायकल वाजली की तो दारात जाऊन उभा राहायचा. तो म्हणाला, "गालच ना? घेऊन टाक."

बुधवारी मशीनमध्ये पहिला फोटो झाला. ट्यूब मिळाली ती पांढरीफटक, नाव नाही, गाव नाही, नुसता नंबर. प्रल्हादने ती बाथरूममधल्या फळीवर ठेवली. त्याचा स्वभाव असा, की नवी वस्तू लगेच फोडायला जीव होत नाही. नव्या शर्टाची घडीसुद्धा तो सहा महिने मोडत नसे. सोमवारपासून लावू, त्याने ठरवलं.

आता, परदेशातल्या मराठी घरात एक अदृश्य बॅग कायम भरत असते. कुणीतरी इंडियाला चाललेला असतो, त्याच्या सामानात तीन-चार किलो जागा असते, आणि घरातली जी वस्तू नवी, न फोडलेली आणि जरा परदेशी दिसणारी, ती आपोआप त्या बॅगेकडे चालू लागते. रविवारी क्रेगीबर्नला राहणारा त्यांच्या ओळखीचा नरेंद्र सांगलीला निघाला होता. मयूराने व्हिटॅमिनच्या गोळ्या, चॉकलेटं आणि तिथल्या लतावहिनींसाठी एक जपानी क्रीम, असं सगळं बांधून दिलं.

सोमवारी प्रल्हादने फळी चाचपली तेव्हा नरेंद्र सिंगापूरच्या पुढे गेला होता.

"कोरी होती रे," मयूरा म्हणाली. "चार दिवस तशीच. मला वाटलं तू काही ती लावणार नाहीस. तू कधी तोंडाला काही लावलंयस?"

"असू दे. दुसरी मागून घेतो."

आणि तो खरंच मागणार होता. पण मधल्या सुट्टीत शिवांगीचा मेसेज आला, काका, पहिल्या दिवसाची नोंद? बाकी सगळ्यांची आली. प्रल्हादच्या मागे सात मिनिटांत सुटणारी बस होती, हातात अर्धं सँडविच होतं. त्याने अंगठ्याने टाइप केलं, "लावलं. जरा गार वाटलं." संध्याकाळी सगळं सांगू, त्याला वाटलं. लगेच उत्तर आलं, वा काका, मस्त, आणि पुढे तीन लाल बदाम. तीन बदाम आल्यावर मग संध्याकाळी सांगायला तोंड कुठलं उरतं?

दुसऱ्या दिवशी त्याने "गार"च्या जागी "शिरशिरी" लिहिलं. तिसऱ्या दिवशी त्यालाच तेच तेच लिहायचा कंटाळा आला. आणि इथेच घात झाला, कारण प्रल्हादला लिहिता येत होतं. शाळेत निबंधाला पैकीच्या पैकी मिळवलेला माणूस सतरा वर्षं फक्त थांब्यांची नावं उच्चारत होता. साठलेलं सगळं गालावाटे बाहेर पडू लागलं. अकराव्या दिवशी त्याने लिहिलं, "उन्हाळ्यात माठाला ओलं फडकं गुंडाळावं तसं गालाला झालं." सोळाव्या दिवशी एक प्रवासी चढता चढता म्हणाला म्हणे, मेट, हॉलिडेला गेला होतास का? हा प्रवासी प्रल्हादने पदरचा घातला होता. तेविसाव्या दिवशी उजवा गाल डाव्याची कीव करू लागला. एकतिसाव्या दिवशी दोघांचं भांडण झालं आणि आरशाने मध्यस्थी केली.

शिवांगी ओळ न् ओळ भाषांतर करायची, ओसाकात त्याचं जपानी व्हायचं. "काका, तिकडचे लोक रोज सकाळी आधी तुमची नोंद वाचतात," ती सांगायची. "बाकीचे एकतीस जण नुसतं 'ओके' लिहितात." तिचा आवाज आनंदाने वर चढलेला असायचा, आणि त्या प्रत्येक चढलेल्या सुराबरोबर प्रल्हादची एक पोळी कमी व्हायची. रोज आरशापुढे उभा राहून तो दोन बोटं गालावरून फिरवत असे. कोरडीच. लिहिताना निदान काहीतरी केल्याचं वाटावं म्हणून. बारा वर्षांची ओवी दारात उभी राहून म्हणाली, "बाबा, देअर्स नथिंग ऑन युअर फिंगर्स." त्याने तिला दात घासायला पिटाळलं.

सांगलीहून लतावहिनींचा आवाजी निरोप आला. "भावजी, त्या क्रीमने टाचांच्या भेगा अशा भरल्यात म्हणून सांगू. पायात चप्पल घालावीशी वाटत नाही." प्रल्हादने तो निरोप पुसून टाकला. निरोप पुसला गेला, वहिनींचा खुशीतला आवाज मात्र दिवसभर कानात राहिला.

त्याला एकच आशा होती. आठ आठवड्यांनी मशीन खरं काय ते सांगेल. गाल जसाच्या तसा दिसेल, शिवांगी म्हणेल, काकांना लागू पडलं नाही, आणि बत्तीसांतला एक माणूस गुपचूप वाया जाईल.

पण मशीनला कुठलं ठाऊक, की मे महिन्यात डेपोने प्रल्हादची शिफ्ट बदलली होती? पहाटे साडेचारला बस काढायची, साडेनऊला घरी. मेलबर्नचा हिवाळा, सूर्य उगवायचा तो ढगांच्या गोधडीतच. सतरा वर्षांत पहिल्यांदा त्या गालाला सुट्टी मिळाली होती, आणि सुट्टीवर गेलेला माणूस दिसतो तसा तो दिसू लागला होता. आठ आठवडे झाले तेव्हा प्रल्हादने मशीनवर हनुवटी टेकवली, दिवा लखलखला, आणि शिवांगीने दोन फोटो शेजारी ठेवून तोंडावर हात धरला. बत्तीस जणांत सगळ्यात मोठा फरक त्याचा होता.

आठवड्याभरात ओसाकाहून कंपनीच्या मोरी-सान, म्हणजे मोरीबाई, स्वतः यायला निघाल्या. क्रीम त्यांनी बनवलं होतं. ट्यूबच्या पाठीवर माठाचं वाक्य छापायचं त्यांच्या मनात होतं, आणि उन्हात काम करणाऱ्या पुरुषांचं क्रीम म्हणून ते आधी इथेच बाजारात आणायचं होतं. रिपोर्टखाली शिवांगीची सही होती.

भेटीच्या दिवशी सकाळी प्रल्हाद तिला गाडीतून शहरात घेऊन गेला. वेरिबीपासून वेस्टगेट पुलापर्यंत त्याने तीनदा तोंड उघडलं. पहिल्यांदा ती म्हणाली, "काका, माझ्या आईने तुमच्यासाठी देवापुढे साखर ठेवली." दुसऱ्यांदा तिने त्याच्या कॉलरवरचा दोरा काढला. तिसऱ्यांदा पूल आला, ट्रक आडवा गेला, आणि तोंड उघडं होतं ते त्याने खोकून वापरलं.

मोरी-सान साठीच्या असतील. केस पांढरे, तोंडावर काही थापलेलं नाही. त्यांनी वाकून नमस्कार केला तो इतका खाली, की प्रल्हादला वाटलं आपल्या बुटांना पॉलिश नाही हे त्यांनी पाहिलं. समोर त्याच्या डायरीची जपानी प्रत होती, कडांना रंगीत चिठ्ठ्या लावलेली. त्या इंग्रजीत सावकाश बोलल्या.

"बावीस वर्षं मी क्रीम बनवते. लोक 'चांगलं' लिहितात, 'चिकट' लिहितात. तुम्ही पहिले, ज्यांनी मला गालाला काय वाटतं ते सांगितलं. अकराव्या दिवसाचं पान मी माझ्या वडिलांना वाचून दाखवलं. ते मासेमार होते."

शिवांगी त्याच्याकडे बघून हसत होती. प्रल्हादला आपल्या गालावर, अगदी उजव्याच, सतरा वर्षांचं ऊन एकदम येऊन बसल्यासारखं वाटलं.

"मॅडम," तो म्हणाला, "मी ते लावलंच नाही."

मग त्याने सगळं सांगितलं. फळी, नरेंद्र, बॅग, कोरडी बोटं, पहाटेची शिफ्ट. पदरचा प्रवासीसुद्धा कबूल केला. शिवांगीकडे बघायची हिंमत नव्हती, म्हणून तो टेबलावरच्या पाण्याच्या ग्लासला सांगत होता.

मोरी-सान यांनी पेन उचललं. "ती ट्यूब आता कुठे आहे?"

"सांगलीला. वहिनी टाचांना लावतात."

"टाचांना?"

"भेगा भरल्या म्हणतात."

त्यांनी ते लिहून घेतलं. चेहऱ्यावर काही हललं नाही. डायरीच्या कडेच्या रंगीत चिठ्ठ्या मात्र त्यांनी एकेक करून सोडवल्या आणि एकावर एक चिकटवून ठेवल्या. एखाद्याने शिव्या घातल्या असत्या तर प्रल्हादला सोसलं असतं. ते चिठ्ठ्या काढणं त्याला सोसवलं नाही.

परतताना गाडीत शिवांगी खिडकीबाहेर बघत होती. फ्रीवे संपत आला तेव्हा बोलली.

"मला गाडीत सांगायचं होतं ना, काका. सकाळी. मी स्वतः त्यांना सांगितलं असतं."

"तीनदा तोंड उघडलं गं मी."

"उघडलं ना? मग बोलायचं." ती क्षणभर थांबली. "आता एजन्सीत सगळे म्हणतील, हिला तिच्याच घरातला माणूस फसवून गेला आणि हिला कळलं नाही."

आठ आठवडे त्याला रोज चार ओळी सुचत होत्या, आज एक सुचली नाही.

त्याचं नाव वगळून आकडे पुन्हा मांडले, तर क्रीम बरं होतं, थोर नव्हतं. कंपनीने बाजारात आणायचं लांबणीवर टाकलं आणि चाचणी नव्याने घ्यायला सांगितली. तीही शिवांगीनेच घ्यायची, कारण चूक दडवली नाही हे त्यांना महत्त्वाचं वाटलं, असं एजन्सीने तिला कळवलं. स्पॉन्सरशिपचं मात्र पुढच्या वर्षी बघू. पुढच्या वर्षी म्हणजे काय, हे प्रल्हादइतकं कुणाला माहीत? ती शनिवारी येईनाशी झाली. मयूरा डबा भरून तिच्या दारात ठेवून यायची.

तिसऱ्या आठवड्यात पोस्टाने एक पाकीट आलं. आत पांढरी ट्यूब, नवा नंबर, आणि मोरी-सान यांच्या हातची इंग्रजी चिठ्ठी: या वेळी मोजणीसाठी नाही. फक्त मला कळावं म्हणून. नोंद शिवांगीकडे पाठवावी.

प्रल्हादने ट्यूब त्याच दिवशी फोडली, बसमध्ये, स्टेअरिंगपुढे बसून, प्रवाशांसमोर. मागून एक आजीबाई शाबासकी दिल्यासारखं म्हणाल्या, "गुड ऑन यू, लव." हे मात्र खरोखर घडलं, पण त्याने ते लिहिलं नाही. लिहिलं एवढंच: "पहिला दिवस. लावलं. काही वाटलं नाही."

शिवांगीचं उत्तर आलं. "नोंदवलं."

दुसरा दिवस. लावलं. काही वाटलं नाही. नोंदवलं. पाचवा दिवस. लावलं. थोडं चिकट. नोंदवलं. नवव्या दिवशी ऊन पाण्यावर असं पडलं होतं की त्याच्या बोटांत एक अख्खं वाक्य येऊन बसलं, गालाला अगदी शोभलं असतं. त्याने फोन खिशात टाकला आणि वाक्य विरेपर्यंत बस चालवली.

चौदाव्या दिवशी डेपोत दोन ड्रायव्हर आजारी पडले, त्याने दोन शिफ्टा ओढल्या आणि घरी येऊन जेवून सोफ्यावरच लवंडला. सकाळी आठवलं. ट्यूब खिशातच होती. आता एक बोट फिरवून "लावलं" लिहिलं असतं तर कुणाच्या बापाला कळणार नव्हतं. प्रल्हाद बराच वेळ फोन धरून बसला.

"चौदावा दिवस," त्याने लिहिलं. "लावायला विसरलो."

बस सुटायला तीन मिनिटं होती. स्क्रीनवर तिची तीन टिंबं उमटली, थांबली, पुन्हा उमटली. तो वाट बघत राहिला, पोस्टमनची बघायचा तशीच.

"बरं," तिने लिहिलं. "आज लावा."